भाड्याची सासू

“सासू तुम्हीच होता ना?”

मी एका पायावर उभी राहून नऊवारीचा काष्टा खोचत होते. हॉलवाल्यांनी आम्हाला कपडे बदलायला जादा खुर्च्या ठेवायची खोली दिली होती. वळून बघते तर दारात नवरी. शालू, नथ, कोपरापर्यंत हिरवा चुडा. पूजेहून उठून आली असावी, गुडघ्यावर हळदीचे डाग होते.

“हो,” मी म्हटलं. “का? काही चुकलं का?”

“नाही. आज सून मी होणार. तुमच्यासमोर.”

मी हसले. म्हटलं, सून तर तू आहेसच की, सकाळपासून तेच चाललंय. ती हसली नाही. दार लोटून आत आली आणि खुर्च्यांच्या थप्पीला टेकली.

या गोष्टीला पंधरा-सोळा वर्षं झाली. तेव्हा मी नाशकात सुमेधाताई आगाशेंच्या मंगळागौर ग्रुपमध्ये होते. नवी नवरी आणि तिच्या मैत्रिणींनी पदर खोचून, घामाघूम होऊन घरभर धिंगाणा घालायचा, म्हणजे मंगळागौर. आता नवरी खुर्चीत बसते, मैत्रिणी खुर्चीत बसतात आणि धिंगाणा घालायला आम्ही जातो. घाम आमचा, हौस त्यांची. मध्ये गरम भजी फिरतात.

मी त्या ग्रुपात कशी, तर सुमेधाताईंकडे मी पोळ्यांना जात होते. ग्रुपातल्या बाकीच्या बायका चांगल्या घरच्या, पण एकीचे गुडघे, एकीची कंबर, एकीला चक्कर. कोंबड्यासारखं उकिडवं बसून हॉलभर उड्या मारायला कुणीतरी दणकट हवं होतं. एक दिवस ताईंनी मला लाटणं खाली ठेवायला सांगितलं आणि उडी मारून दाखव म्हणाल्या. मी मारली. त्या दिवसापासून माईकवर सगळ्यांची नावं आडनावासकट यायची आणि शेवटी “आणि आपल्या छायाताई.” माझं नाव छबू. आडनाव लोंढे. दोन्ही हॉलमध्ये शोभत नव्हती म्हणे.

खेळांच्या मध्यावर आमचं सासू-सुनेचं भांडण असायचं. सून माहेरी जाते म्हणणार, सासू एकेक काम पुढे करणार, दोघी यमकं जुळवत भांडणार, शेवटी सासू हरणार आणि “जा बाई” म्हणणार. मग दोघींची फुगडी. सासू कायम मी. कारण ताईंच्या मते सासूला लागणारा आवाज आणि रंग, दोन्ही माझ्याकडे होते. हे त्यांनी मला तोंडावर सांगितलं आणि वर म्हणाल्या, “राग मानायचा नाही हं, खेळ आहे.”

तर ही नवरी. ऋजुता नाव. माहेर सांगलीकडचं, आणि तिथे ती खो-खो खेळायची. अशीतशी नाही, जिल्ह्याकडून. नाशकात आल्यावर तिनं नोकरी धरली आणि तिसऱ्या आठवड्यात एक मैदानही शोधून काढलं. एका शाळेच्या मागे रविवारी सकाळी आठ-दहा पोरी आणि बाया खेळायच्या. दोन तास. तिला तेवढेच हवे होते.

“मग जा की,” मी म्हटलं.

“आई म्हणतात, रविवार घरच्यांसाठी असतो.”

“नवरा?”

“तो रविवारी क्रिकेटला जातो. आठवडाभर दमतो ना. त्याला चेंज लागतो.”

हे ती इतक्या सरळ बोलली, की मला आधी कळलंच नाही ती चिडलीय ते. दोघं एकाच कंपनीत, एकाच मजल्यावर, एकाच गाडीतून जात-येत होती. पण थकवा फक्त पुरुषाला येतो असं तिच्या सासरी, दातारांच्या घरात ठरलेलं असावं. आज सकाळी तिची गौर मांडली होती आणि नवरा, निनादराव, बॅट घेऊन गेले होते. जेवायच्या वेळेला आले, उन्हानं नाक लाल करून. आईनं आधी त्यांना सरबत दिलं.

आणि हो, मंगळागौर असूनही वार रविवार होता. दातारांच्या गोतावळ्याला मंगळवारी रजा नव्हती. गौरीनं काही कुरकुर केली नाही. तिला कुणी विचारलंही नव्हतं.

ऋजुतानं आधी आमच्या सुनेला, म्हणजे वृंदाला विचारलं होतं. वृंदानं सुमेधाताईंकडे बोट दाखवलं. ताई म्हणाल्या, नको गं, शालू खराब होईल, फोटो राहिलेत अजून. तू फक्त गोड हसत बस.

“आईंच्यासमोर बोलायचंय मला,” ती म्हणाली. “घरात बोलले की आवाज चढला म्हणतात. खेळात चालतं ना?”

“माझ्या हातात काय आहे? मी ऑर्डरीची बाई.”

“तुम्ही काही करू नका. भांडणाच्या मध्येच गप्प व्हा. बाकी मी बघते.”

बाहेरून ताईंची हाक आली. मी हो म्हटलं नाही, नाहीही म्हटलं नाही. नथ लावली आणि गेले.

हॉल भरलेला. पुढच्या रांगेत मधोमध वसुधाबाई दातार, ऋजुताची सासू. जांभळी पैठणी, पाठ ताठ, मांडीवर रुमाल. शेजारी ऋजुताला बसवलेलं. सुमेधाताईंनी माईक घेतला आणि नेहमीचं सुरू केलं. आपली परंपरा, आपल्या आज्या-पणज्या, स्त्रियांचा हक्काचा विरंगुळा. बायकांनी खुर्चीत बसून हक्काच्या टाळ्या वाजवल्या. मग ताईंचं ठरलेलं वाक्य, “आज इथे कुणी काहीही बोललं तरी राग मानायचा नाही. खेळातलं खेळात.”

झिम्मा झाला, पिंगा झाला. मी कोंबडा घातला. पहिल्या रांगेतली एक बाई भजं खाता खाता शेजारणीला म्हणाली, काय स्टॅमिना आहे ना या लोकांचा. या लोकांचा. मी आणखी दोन उड्या जास्त मारल्या, तिच्या पुढ्यात, धूळ उडेल अशा.

भांडण सुरू झालं. वृंदानं माहेर मागितलं. मी दळण पुढे केलं, तिनं ते परतवलं. मी पाणी भरायचं काढलं, तिनं तेही परतवलं. नाशकात कुणाच्या घरी जातं नाही, विहीर नाही, पण आमची सासू वर्षानुवर्षं तीच कामं सांगायची आणि बायका तिथेच हसायच्या. पुढची ओळ माझी होती.

मी गप्प राहिले.

वृंदा डोळे मोठे करून बघायला लागली. बाजूनं सुमेधाताईंनी हळूच ओळ पुरवली. मग जरा मोठ्यानं पुरवली. मी कमरेवर हात ठेवून उभी. सासू विसरली, सासू विसरली, असं कुणीतरी म्हणालं आणि हशा झाला. तेवढ्यात ऋजुता उठली. शालूचा पदर कमरेला खोचला आणि वृंदाला हातानं बाजूला करून माझ्यासमोर येऊन उभी राहिली.

इथपर्यंतच तिनं सांगितलं होतं. पुढचं मी आयत्या वेळी केलं. बायकांकडे वळले आणि म्हटलं, “खरी सून आली, तर सासू भाड्याची कशाला? या, वसुधाबाई.”

सुमेधाताईंचा चेहरा मी अजून विसरले नाही. ऑर्डर नासली असं त्यावर स्पष्ट लिहिलेलं होतं. पण बायका चेकाळल्या होत्या. आठवड्याचं जेवण एकदम मिळावं तशा. चल गं वसू, ऊठ गं वसू, घाबरलीस काय सुनेला. दोघींनी तिला दंडाला धरून उठवलं. एवढ्या लोकांत नाही म्हणणं म्हणजे सुनेला घाबरणं. वसुधाबाईंनी रुमाल खुर्चीवर ठेवला आणि पुढे आल्या.

आल्या त्या तयारीनंच. मला वाटलं होतं, अडखळतील. पहिलं त्यांनीच काढलं,

“ऊठ गं सुने, दिवस वर आला, चहा कोण देईल माझ्या बाळाला?”

ऋजुतानं श्वाससुद्धा घेतला नाही.

“बाळ तुमचं गेलंय बॅट घेऊन, येईल तिकडेच चहा पिऊन.”

हॉलमध्ये जे हसू फुटलं ते आमच्या खेळांना कधी मिळालं नव्हतं. निनादराव मागे पंख्याखाली मित्रांबरोबर उभे होते. तेही हसले, मग आपल्यावरच हसतोय हे ध्यानात आल्यावर थांबले.

“बॅट त्याची, मैदान त्याचं, तुझं काय काम गं बाहेर नाचायचं?”

“भाड्याच्या बायका नाचायला आणल्या, घरच्या पायांना बेड्या घातल्या.”

मला ते लागलं. शब्द माझाच होता, मीच मघाशी वापरला होता. पण आपण आपल्याला म्हणणं वेगळं आणि चुडा भरलेल्या हातानं बोट दाखवून कुणी म्हणणं वेगळं. वृंदानं खाली बघितलं. मी बघितलं नाही.

वसुधाबाईंच्या कपाळावर घाम आला होता. चिडल्या होत्या का? मला तसं वाटलं नाही. गाल तांबडे झालेले, पाय आपोआप ताल धरत होते. साठीतली ती बाई एकदम कुणाची तरी मैत्रीण दिसायला लागली. त्यांनी घरातली सगळी कामं काढली, पाहुणे काढले, लोक काय म्हणतील काढलं. ऋजुतानं एकेक परतवलं आणि शेवटी टाकलं,

“मंगळवारची गौर रविवारी चालते, माझ्या रविवारीच घरात काय अडते?”

बायका टाळ्या वाजवत वाट बघत होत्या. वसुधाबाईंनी एकदा सुनेकडे पाहिलं, एकदा गौरीकडे. मग हसत सुटल्या, अगदी पोट धरून.

“घे बाई रविवार, घे तुझं मैदान, आधी माझ्याशी फुगडी घाल छान.”

आणि त्यांनी हात पुढे केले.

फुगडी मी शेकड्यानं घातली असेल. पैशासाठी घालतो ती फुगडी निम्म्या जोरानं असते. पडलं, लागलं, तर पुढची ऑर्डर जाते. या दोघींनी पायाला पाय लावले, हात गुंफले आणि मागे रेलल्या त्या पूर्ण रेलल्या. फुगडीत हात सोडला तर एकटी कुणी पडत नाही, दोघी पडतात. पैठणी आणि शालू यांचा एक भोवरा झाला. अंबाडा सुटला, एक बांगडी फुटून फरशीवर घरंगळली. वसुधाबाईंच्या तोंडून शिट्टीसारखा आवाज येत होता, श्वासाचा की आनंदाचा कळेना. हॉलमध्ये कुणी भजी खात नव्हतं.

थांबल्या तेव्हा दोघी एकमेकींच्या गळ्यात पडून धापा टाकत होत्या. ऋजुता रडत होती. वसुधाबाई तिची पाठ थोपटत होत्या.

फोटोवाला तेव्हा भज्यांच्या टेबलावर होता. पळत आला आणि म्हणाला, काकू, परत एकदा घाला ना फुगडी, हळू घाला, इकडे बघून. त्यांनी घातली. पदर सारखे करून, कॅमेऱ्याकडे बघत, दोन गिरक्या. अल्बममध्ये ती असेल.

घरी जाताना सुमेधाताई माझ्याशी बोलल्या नाहीत. मला पर्वा नव्हती. एका बाईला तिचे दोन तास मिळाले होते आणि त्यात माझ्या गप्प बसण्याचा वाटा होता. मी घरी येऊन दशरथला, म्हणजे माझ्या नवऱ्याला, सगळं सांगायला बसले. तो ऐकून घेतो म्हणाला, पण खाली मंडळाच्या कट्ट्यावर पत्त्यांचा डाव मांडला होता आणि त्याच्यावाचून एक हात कमी पडत होता. रोज संध्याकाळी कमी पडायचा.

त्या गडबडीत आमचं नाचवायचं सूप हॉलवर राहिलं आणि दातारांच्या सामानातून त्यांच्या घरी गेलं. पुढच्या रविवारी सकाळी ताईंनी मला ते आणायला पाठवलं. मला बरंच वाटलं. म्हटलं, ऋजुता मैदानावर असेल, वसुधाबाई एकट्या असतील, जरा गप्पा होतील.

दार वसुधाबाईंनीच उघडलं. “ये ये, सासूबाई,” म्हणाल्या, खरंच खूश होऊन. पाणी दिलं. मांड्या अजून दुखताहेत म्हणाल्या आणि दुखणं कौतुकानं दाबून दाखवलं. लहानपणी गावी सगळ्या आळीत त्यांच्याशी फुगडी घालायला कुणी धजायचं नाही, लग्न झालं आणि ते राहूनच गेलं, असंही सांगितलं. तेवढ्यात आतून तेल तापल्याचा वास आला आणि कढईत काहीतरी पडल्याचा चर्र आवाज.

मी आत डोकावले. ऋजुता गॅससमोर उभी. शेजारी परातीत साबुदाण्याचे वडे थापून ठेवलेले, एखाद्या पंगतीला पुरतील एवढे.

“मॅच आहे ना आज निनादची,” वसुधाबाई म्हणाल्या. “सगळी टीम येतेय नाश्त्याला.”

“आणि हिचं मैदान?” मी विचारलं.

त्यांना खरंच आश्चर्य वाटलं. त्यांचा चेहरा खोटा नव्हता, म्हणूनच मला जास्त राग आला.

“अगं, ते खेळात म्हटलं होतं. तुमच्याच ताई माईकवर म्हणाल्या ना, खेळातलं खेळात? खेळात म्हटलेलं असं घरात आणायला लागलं तर कसं चालेल?”

आमचंच वाक्य. प्रत्येक ऑर्डरला आम्ही ते विकत होतो. कुणी काहीही बोला, काही बदलणार नाही, याची आगाऊ हमी. म्हणून तर सासवा आम्हाला हौसेनं बोलवायच्या.

आत चर्र आवाज थांबला. ऋजुतानं गॅस बंद केला होता. ती बाहेर आली, हात पदराला नाही, ओढणीला पुसत. पंजाबी ड्रेस घातला होता हे मला तेव्हा दिसलं. दाराजवळच्या रॅकमधून तिनं बूट काढले. नवे नव्हते, टाचेकडे झिजलेले होते. तिथेच फरशीवर बसून नाड्या बांधायला लागली.

“हे काय?” वसुधाबाई म्हणाल्या.

“खेळायला चाललेय, आई.”

“आत्ता? आणि वडे?”

“राग मानायचा नाही,” ती म्हणाली. मान खाली, नाडीची गाठ घट्ट ओढत. “खेळ आहे.”

जिन्यात बुटांचे आवाज आले आणि निनादराव दारात. खांद्यावर किटची बॅग, मागे दोन-तीन मित्र. उठणारी बायको आणि उभी आई यांच्यामध्ये ते तसेच थांबले. ऋजुतानं त्यांना बाजूला व्हायला सांगितलं, फार हळू, आणि ते झाले. तिचे पाय जिना उतरताना ऐकू येत राहिले. एकेक पायरी नाही, दोन-दोन.

वसुधाबाईंनी एकदा कढईकडे पाहिलं, एकदा मुलाच्या मित्रांकडे आणि मग माझ्याकडे. तोड सापडल्यासारखा त्यांचा चेहरा उजळला.

“छाया, तू तळतेस का गं एवढे? पोळ्यांना जातेसच ना कुणाकडे तरी?”

मी कोपऱ्यातलं सूप उचललं.

“मी सासू आहे, वसुधाबाई,” मी म्हटलं. “सासू तळत नसते. बाळाला सांगा.”

सूप काखेत मारून मी निघाले. मागे कुणीतरी हसलं, बहुतेक एक मित्र. संध्याकाळपर्यंत हे सुमेधाताईंकडे पोहोचलं आणि तिथून पुढे माझ्या उड्या बंद झाल्या, पोळ्याही. तू खेळ मोडलास, असं त्या म्हणाल्या. खेळ कुठे होता, हे विचारायचं राहून गेलं.

पण ते संध्याकाळी. सकाळी मी कोपऱ्यावर तिला गाठलं. ती रिक्षा बघत होती. मी रिक्षात शेजारी बसले. भाड्याच्या बायका म्हटलेलं मी विसरले नव्हते. तिलाही ते आठवत असावं, कारण मध्येच तिनं माझा हात धरला आणि सोडला नाही.

शाळेमागचं मैदान म्हणजे खडी आणि चार गवताची बेटं. तिथल्या पोरींनी ऋजुताला बघून एकच गिल्ला केला. मी भिंतीच्या सावलीत बसणार होते. तर त्यातली एक केस बांधत म्हणाली, “मावशी, एक भिडू कमी आहे. नुसतं बसायचं, खो मिळाला की धावायचं.”

मी साडी वर खोचली, सूप भिंतीला टेकवलं आणि रांगेत एकीकडे तोंड करून बसले. समोर खुर्च्या नव्हत्या. भजी नव्हती. माईक नव्हता. मागून पाठीवर सणसणीत थाप बसली, “खो!”, आणि मी कशी उठले, कुठे धावले, मला सांगता येणार नाही. ऋजुता माझ्या पुढ्यातून हुलकावणी देऊन निसटली आणि मी खडीवर तोंडघशी आपटले. दोन्ही गुडघे सोलले. सगळ्या हसत होत्या. सगळ्यांत जास्त मी.

घरी लंगडत आले. रविवार म्हणून दशरथ दुपारीच कट्ट्यावर जायला चपला शोधत होता. माझे गुडघे बघून थांबला.

“काय झालं?”

“पडले.”

“कुठं?”

“खेळताना.”

“आज ऑर्डर होती?”

“नव्हती.”

तो माझ्याकडे बघत राहिला, बाईला वेड लागलं की काय तसा.

“मग कशाला खेळलीस?” म्हणाला, आणि उत्तराला न थांबता चपला घालून पत्ते कुटायला गेला.